सोळा गुंठ्यांतला एक गुंठा

२००६ च्या मे महिन्यात आमच्या आत्याने हक्कसोडपत्रावर, म्हणजे माहेरच्या मालमत्तेतला आपला हिस्सा सोडून देणाऱ्या कागदावर, सही केली, तेव्हा मी तिच्या शेजारी उभी होते. दुय्यम निबंधकांच्या कार्यालयात लग्नसराईसारखी गर्दी होती आणि आमचा क्रमांक येईपर्यंत दुपारचे दोन वाजले. कारकुनाने आत्याला कॅमेऱ्याकडे पाहायला सांगितले, संगणकाला जोडलेल्या छोट्या काचेवर अंगठा टेकवायला सांगितला आणि कागद उलटता उलटता विचारले, "राजीखुशीने लिहून देताय ना?" आत्याने आधी माझ्या वडिलांकडे पाहिले आणि मग "हो" म्हणाली. आजीचाही अंगठा झाला. बाहेर पडल्यावर आम्ही रसवंतीत उसाचा रस प्यायलो आणि वडिलांनी सोबत आणलेली साडी तिच्या हातात दिली. आत्या सातवीपर्यंत शिकलेली आहे, तिला व्यवस्थित वाचता येते, पण त्या दिवशी तो कागद तिने वाचला नाही आणि तिने वाचावा असे आमच्यापैकी कोणालाही सुचले नाही. घरी येताना मी तिला विचारले, तर ती म्हणाली, "भावाच्या उंबऱ्यावर पाय ठेवायचाय ना गं बाय मला."

माझे वडील लबाड नव्हते, हे मला आधीच सांगितले पाहिजे. बहिणीच्या प्रत्येक अडचणीला ते धावून गेले होते. बहिणीने सही करायची असते, भावाने साडीचोळी करायची असते आणि माहेर कायम राहते, अशी रीत त्यांनी लहानपणापासून पाहिली होती. मात्र त्या एका सहीने आत्याने नेमके काय सोडले, हे ना तिला ठाऊक होते, ना त्यांना. भारतातल्या स्त्रीचे आयुष्य किती बदलले, असा प्रश्न निघाला की मला शाळा, नोकरी आणि लोकल यांच्याआधी हा कागद आठवतो, आणि म्हणून या लेखात तो कागद आणि त्यामागचा कायदा शक्य तितक्या सोप्या भाषेत समजावून सांगावा असे ठरवले आहे.

बाहेरचा बदल मोठा आहे, हे मान्य करूनच पुढे जायला हवे. १९५१ च्या जनगणनेत देशातल्या शंभरात नऊ बायकाही साक्षर नव्हत्या. २०११ मध्ये ते प्रमाण सुमारे ६५ टक्क्यांवर आले. १९९२ मध्ये कल्याणहून मुंबईला फक्त महिलांची लोकल सुटू लागली, कारण सकाळच्या डब्यांत नोकरदार बायका मावेनाशा झाल्या होत्या. महाराष्ट्रात स्थानिक स्वराज्य संस्थांतल्या निम्म्या जागा २०११ पासून स्त्रियांसाठी राखीव आहेत, आणि ठाणे असो वा नवी मुंबई, महापालिकेच्या सभागृहात बाई बोलायला उभी राहिली तर आता कोणी वळून पाहत नाही. १ मे २०२४ पासून जन्मलेल्या मुलांच्या सरकारी कागदपत्रांत मुलाच्या नावानंतर आधी आईचे नाव येते. हे सारे खरे आहे. तरीही देशातल्या शेतीच्या वहिवाटखात्यांपैकी, म्हणजे प्रत्यक्ष कसल्या जाणाऱ्या जमिनीच्या खात्यांपैकी, स्त्रियांकडे असलेली खाती २०१५-१६ च्या कृषिगणनेत सुमारे १४ टक्केच भरली. बाई शिकली, कमवू लागली, निवडून आली; जमीन आणि घर मात्र फार हळू तिच्या नावावर येत आहेत.

आमचे गाव ठाणे-बेलापूर रस्त्याच्या कडेचे. शहर वसवणाऱ्या सिडको या सरकारी महामंडळाची स्थापना १७ मार्च १९७० रोजी झाली आणि नवी मुंबईसाठी ठाणे, पनवेल आणि उरण तालुक्यांतल्या ९५ गावांच्या जमिनी घेण्याचे काम सुरू झाले. भातशेती गेली, मिठागरे गेली, आणि मोबदला इतका तुटपुंजा होता की जानेवारी १९८४ मध्ये जासई-दास्तान परिसरात दि. बा. पाटील यांच्या नेतृत्वाखाली झालेल्या आंदोलनात पाच जणांना गोळीबारात प्राण गमवावे लागले. त्या लढ्यातूनच पुढे साडेबारा टक्के योजना आली : जितकी जमीन गेली तिच्या साडेबारा टक्के विकसित भूखंड मूळ खातेदाराला परत. सामाजिक सुविधांची कपात जाऊन हातात प्रत्यक्षात पावणेनऊ टक्के येतात, तरी वाढत्या शहरातल्या त्या तुकड्याची किंमत एखाद्या घराण्याचे नशीब पालटण्याइतकी असते.

जमीन सत्तरच्या दशकात गेली आणि भूखंड नव्वदच्या दशकात किंवा त्याहूनही उशिरा मिळाले. या मधल्या काळात मूळ खातेदार वारले, त्यांच्या मुली लग्न होऊन दुसऱ्या गावी गेल्या. भूखंड वारसांना द्यायचा, तर वारस कोण हे ठरले पाहिजे, आणि कायद्याने मुलगी वारस असतेच. त्यामुळे वर्षानुवर्षे ज्यांना जमिनीबद्दल कोणी विचारले नव्हते त्या बहिणींकडे अचानक सगळ्यांच्या गाड्या जाऊ लागल्या. बिल्डर त्रिपक्षीय करार (सिडको, भूखंडधारक आणि तो स्वतः यांच्यातला) करायला तयार असे, पण त्याला सगळ्या वारसांची सही किंवा हक्कसोड हवी असे. आमच्या आत्याकडे वडील आणि काका गेले तेही असेच.

आता हिशेब. आत्याचा हक्क किती होता? इथे बहुतेक लोक गोंधळतात, कारण मालमत्ता दोन प्रकारची असते आणि दोन्हींना वेगळा नियम लागतो. जी माणसाने स्वतः कमावली ती स्वकष्टार्जित. तिचे काय करायचे ते तो हयातीत ठरवू शकतो, मृत्युपत्राने ती कोणालाही देऊ शकतो. मृत्युपत्र न करता तो गेला, तर हिंदू वारसा कायदा, १९५६ याच्या कलम ८ नुसार मुलगे, मुली, पत्नी आणि आई यांना सारखे हिस्से मिळतात. यात मुलगी १९५६ पासूनच मुलाच्या बरोबरीने आहे. दुसरी एकत्र कुटुंबाची, जिला आपण सैलपणे वडिलोपार्जित म्हणतो. तिच्यात हिस्सा मिळायला कोणी मरावे लागत नाही. तो जन्माने मिळतो. अशा जन्मसिद्ध हिस्सेदाराला कायद्यात सहदायाद म्हणतात. १९५६ च्या कायद्याने हा मान फक्त मुलग्यांकडे ठेवला. डॉ. बाबासाहेब आंबेडकरांनी हिंदू संहिता विधेयक रखडल्यानंतर १९५१ मध्ये कायदामंत्रिपदाचा राजीनामा दिला, हे आपण शाळेत शिकतो. पण त्यानंतर तुकड्यातुकड्यांनी जे कायदे मंजूर झाले त्यांत मुलीच्या वाट्याला हे अर्धवट माप आले, हे सहसा शिकवले जात नाही.

अर्धवट म्हणजे किती, ते सोळा गुंठ्यांवर मांडून पाहू. आजोबा, आजी, दोन मुलगे आणि एक मुलगी असे कुटुंब आहे आणि आजोबा जुन्या कायद्याच्या काळात मृत्युपत्र न करता वारले. कायदा सांगतो की मृत्यूच्या क्षणाआधी कागदावर एक वाटणी झाली असे समजा. या वाटणीत आजोबांना चार, दोन्ही मुलग्यांना चार-चार आणि आजीला चार गुंठे जातात. (विधवेलाही या कल्पित वाटणीतला हिस्सा मिळतो, हे सर्वोच्च न्यायालयाने १९७८ मध्ये महाराष्ट्रातूनच गेलेल्या एका खटल्यात स्पष्ट केले.) मुलगी सहदायाद नाही, म्हणून इथे तिला काही नाही. मग आजोबांचे चार गुंठे त्यांच्या चार वारसांत वाटले जातात आणि प्रत्येकाला एक-एक गुंठा मिळतो. अखेर आजीला पाच, मुलग्यांना पाच-पाच आणि मुलीला एक. सोळा आण्यांच्या रुपयात एक आणा. "बहिणीला हक्क आहेच की कायद्याने" असे म्हणणारे लोक कित्येक वर्षे या एका आण्याबद्दल बोलत होते.

आता हेच कुटुंब आजच्या कायद्याने पाहा. मुलगी जन्मानेच सहदायाद, म्हणून कागदावरच्या वाटणीत पाच हिस्सेदार : आजोबा, आजी, दोन मुलगे, एक मुलगी. आजोबांचा पाचवा हिस्सा पुन्हा उरलेल्या चौघांत सारखा वाटला जातो. हिशेब केला तर चौघांनाही बरोबर चार-चार गुंठे येतात. एकाचे चार झाले. आमच्या घराची वंशावळ अगदी अशीच आहे, म्हणून हे गणित मी पहिल्यांदा कागदावर सोडवले तेव्हा बराच वेळ त्याकडे पाहत बसले होते.

हा बदल एका दिवसात झाला नाही. महाराष्ट्राने केंद्राच्या अकरा वर्षे आधी, २२ जून १९९४ पासून, मुलीला सहदायाद केले; राज्याचे पहिले महिला धोरणही त्याच महिन्यात आले. ही आपल्या राज्याने अभिमानाने सांगावी अशी गोष्ट आहे, पण त्या दुरुस्तीत एक अट होती : ज्या मुलींची लग्ने त्या तारखेच्या आधी झाली त्यांना लाभ नाही. म्हणजे मोठ्या बहिणीचे लग्न एप्रिलमध्ये आणि धाकटीचे पुढच्या डिसेंबरात झाले असेल, तर एकाच आईच्या दोन मुलींना दोन कायदे. पुढे ९ सप्टेंबर २००५ रोजी केंद्राची दुरुस्ती लागू झाली आणि लग्नाची ती अट गेली. राहत्या घरात भाऊ वाटणी करीत नाहीत तोवर बहिणीला वाटणी मागता येणार नाही, असे सांगणारे कलम २३ ही त्याच वेळी रद्द झाले. जिथे २० डिसेंबर २००४ च्या आधी खरीखुरी वाटणी होऊन गेली होती, ती प्रकरणे मात्र उकरायची नाहीत असे ठरले.

तरी एक प्रश्न राहिला. वडील २००५ च्या आधीच वारले असतील तर? २०१५ मध्ये सर्वोच्च न्यायालय म्हणाले, वडील आणि मुलगी दोघेही त्या तारखेला हयात हवेत. २०१८ मध्ये त्याच न्यायालयाच्या दुसऱ्या खंडपीठाने २००१ साली वारलेल्या वडिलांच्या मुलींना हिस्सा दिला. खालच्या न्यायालयांनी नेमके काय मानायचे? अखेर ११ ऑगस्ट २०२० रोजी विनीता शर्मा खटल्यात तीन न्यायमूर्तींनी हा गुंता सोडवला. हक्क जन्माने मिळतो, वडिलांच्या हयात असण्याने नाही, त्यामुळे वडील कधीही वारलेले असोत, मालमत्ता अविभक्त असेल तर मुलगी सहदायाद आहे. आधी ज्या कल्पित वाटणीचा उल्लेख आला ती फक्त हिशेबापुरती असते, तिला प्रत्यक्ष वाटणी म्हणता येत नाही, हेही या निकालाने सांगितले. आमचे आजोबा १९८८ मध्ये वारले आणि आत्याचे लग्न त्याच्याही आधीचे. २००६ मध्ये सही करताना ती एक आणा सोडते आहे असे तेव्हाच्या एखाद्या जाणत्या माणसानेही सांगितले असते. प्रत्यक्षात तिने चार आणे सोडले होते.

हक्कसोडपत्र या कागदाविषयी थोडे सविस्तर लिहायला हवे, कारण ठाण्यापासून पनवेलपर्यंतच्या गावठाणांत बायकांनी सर्वाधिक सह्या बहुधा याच कागदावर केल्या असतील. सहमालकाने आपला हिस्सा दुसऱ्या सहमालकाच्या नावे सोडून देण्याचा हा दस्त असतो. बाहेरच्या माणसाच्या नावे हक्क सोडता येत नाही, तिथे बक्षीसपत्र किंवा खरेदीखत करावे लागते. स्थावर मालमत्तेचे हक्कसोडपत्र नोंदणीकृत असलेच पाहिजे. नुसत्या स्टँपपेपरवर नोटरीसमोर केलेली सही पुरत नाही. नात्यातल्या नात्यात विनामोबदला हक्क सोडताना मुद्रांक शुल्क अगदी नाममात्र लागते, आणि मला वाटते या कागदाचा प्रसार होण्यामागे ही स्वस्ताईही आहे. एकदा नोंदणी झाली की केवळ मन बदलले म्हणून तो मागे घेता येत नाही. फसवून किंवा दबावाने सही घेतली असेल तर दिवाणी न्यायालयात दाद मागता येते, पण ती फसवणूक कळल्यापासून तीन वर्षांत, आणि पुरावा देण्याची जबाबदारी बहुतेक वेळा तक्रार करणारीवरच येते.

हक्क सोडणे चुकीचे आहे असे मी म्हणणार नाही. भाऊ खरोखर अडचणीत असेल, आईवडिलांची सेवा त्याने एकट्याने केली असेल, बहिणीचे बरे चालले असेल, तर ती आपला हिस्सा आनंदाने सोडू शकते आणि तो तिचा अधिकारच आहे. पण दान करणाऱ्याला आपण काय दान करतो आहोत हे माहीत असावे लागते. किती गुंठे, आजचा रेडीरेकनर दर (सरकारने ठरवलेला भाव) काय, त्या दराने हिश्शाची किंमत किती, हे तीन आकडे बहिणीसमोर ठेवून मग सही मागितली तर त्या सहीला अर्थ आहे. मोबदला घेऊनही हक्कसोड करता येते, त्यावर मात्र शुल्क जास्त पडते. वाटणीपत्र करून बहिणीला एखादी सदनिका किंवा ठरावीक रक्कम देता येते. भूखंडावर इमारत उभी राहत असेल तर करारात तिचे नाव घालून तिच्या वाट्याचे चौरस फूट लिहिता येतात. हे मार्ग आहेत आणि काही घरांनी ते चोखाळलेही आहेत. पण बोलणे हक्कसोडीपाशीच सुरू होऊन तिथेच संपते, ही खरी अडचण.

मग बहिणी सही का करतात? प्रेम हे एक कारण आहेच. दुसरे कारण असे की नवऱ्याच्या घरी काही बिनसले तर परतायला एकच दार असते, आणि ते दार भावाच्या हातात असते. भाऊबीज, बाळंतपण, भाच्यांच्या लग्नातला मामा, हळदीत उभे राहणारे माहेर, हे सगळे त्या दारातून येते. हिस्सा मागितला तर माहेर तुटेल, ही भीती हवेतली नाही. आमच्या गावात दोन घरांत ती खरी झालेली मी पाहिली आहे. "तिच्या लग्नात दिलं की" हा युक्तिवादही नेहमी पुढे येतो. लग्नातला खर्च हा मांडवावर, जेवणावळीवर आणि बऱ्याचदा सासरच्यांना देण्यावर झालेला असतो. त्यातले मुलीच्या नावावर काय राहिले, हे विचारले की उत्तर सापडत नाही. मला वाटते, ज्या बाईला परतण्यासाठी भावाच्या दाराखेरीज दुसरे दार नाही, तिची सही पूर्णपणे राजीखुशीची म्हणता येत नाही, मग कारकुनाने कितीही वेळा विचारो.

सातबाऱ्यावरची एक बारीक गोष्टही सांगायला हवी. बापाच्या मृत्यूनंतर वारसांच्या नोंदीचा फेरफार होतो. पूर्वी अनेक गावांत मुलग्यांची नावे भोगवटादाराच्या जागी आणि बहिणींची नावे 'इतर हक्क' या रकान्यात टाकली जात. बहिणीला वाटते, नाव तर लागले. पण त्या रकान्यात कर्जाचे बोजे, कूळ, वहिवाटीचे हक्क अशा गोष्टी येतात. मालकाची जागा ती नव्हे. सातबारा ही महसुलाची नोंद आहे, तिच्याने मालकी निर्माण होत नाही आणि जातही नाही, त्यामुळे रकाना चुकला म्हणून बहिणीचा हक्क बुडत नाही. तरी खरेदीदार, बँक आणि बिल्डर आधी भोगवटादाराचेच नाव पाहतात, म्हणून ही चूक दुरुस्त करून घेतलीच पाहिजे. सातबारा आता ऑनलाइन मिळतो. आपल्या माहेरचा गट क्रमांक ठाऊक नसेल तर तो विचारून वहीत लिहून ठेवावा, एवढे तरी प्रत्येक वाचकिणीने करावे असे मला मनापासून वाटते. शरद जोशींच्या शेतकरी संघटनेने 'लक्ष्मीमुक्ती' मोहिमेत नवऱ्यांना बायकोच्या नावे जमीन करायला लावली आणि नंतर राज्य शासनानेही सातबाऱ्यावर पत्नीचे नाव लावण्याची त्याच नावाची योजना आणली. तीस वर्षांपूर्वी हे सुचलेल्या महाराष्ट्रात 'इतर हक्क' अजून शिल्लक आहेत.

शेती नसलेल्यांनी हे आपल्याला लागू नाही असे समजू नये. घोडबंदर रोडवर किंवा ऐरोलीत फ्लॅट घेणाऱ्या जोडप्यांत एक घोळ वारंवार दिसतो. दोघे कमावतात, दोघांच्या पगारावर गृहकर्ज मिळते, बँक बायकोला सहकर्जदार करते आणि हप्ते तिच्याही खात्यातून जातात. पण विक्री करारनाम्यात नाव एकट्या नवऱ्याचे असते. सहकर्जदार म्हणजे कर्ज फेडायला बांधलेली व्यक्ती. सहमालक होण्यासाठी नाव करारनाम्यात आणि पुढे सोसायटीच्या भागदाखल्यावर (शेअर सर्टिफिकेटवर) लागते. कर्जाच्या कागदावर सही आहे आणि मालकीच्या कागदावर नाही, अशी बाई वीस वर्षे हप्ते भरूनही कायद्यासमोर आपला पैसा सिद्ध करीत बसते. महाराष्ट्रात १ एप्रिल २०२१ पासून केवळ स्त्रीच्या नावे घर घेतल्यास मुद्रांक शुल्कात एक टक्का सवलत आहे. ते घर पंधरा वर्षे पुरुषाला विकता येणार नाही ही सुरुवातीची अट २०२३ मध्ये काढली गेली. सवलतीपुरते का होईना, काही घरे बायकोच्या नावावर झाली. याच संदर्भात दुसरा गैरसमज नामनिर्देशनाचा. सोसायटीत नॉमिनी म्हणून ज्याचे नाव असते तो आपोआप मालक होत नाही. तो वारसांच्या वतीने मालमत्ता सांभाळणारा असतो. भाऊ नॉमिनी होता म्हणून बहिणीचा हिस्सा गेला, असे होत नाही.

सासरच्या बाजूला कायदा अजून तोकडा आहे. नवरा हयात असताना त्याच्या मालमत्तेत बायकोला आपोआप हिस्सा नाही. तिला मिळतो तो राहण्याचा हक्क : २००५ चा कौटुंबिक हिंसाचार प्रतिबंधक कायदा सामायिक घरातून तिला बाहेर काढू देत नाही, आणि ते घर सासूसासऱ्यांच्या नावावर असले तरी हा हक्क मिळू शकतो, असे सर्वोच्च न्यायालयाने ऑक्टोबर २०२० मध्ये म्हटले. राहता येणे आणि मालकी असणे यांत मात्र अंतर आहे.

सगळ्यात कमी बोलले जाते ते हिंदू वारसा कायद्याच्या कलम १५ विषयी, आणि मला ते सर्वांत अन्यायाचे वाटते. हिंदू पुरुष मृत्युपत्र न करता वारला तर त्याची आई पहिल्या वर्गातली वारस असते. हिंदू स्त्री तशी वारली तर तिची मालमत्ता आधी मुले आणि नवरा यांना, ते नसतील तर नवऱ्याच्या वारसांना आणि त्यानंतर तिच्या आईवडिलांना मिळते. माहेरून वारशाने आलेले तेवढे, मुले नसतील तर, वडिलांच्या वारसांकडे परत जाते. पण तिने स्वतः कमावलेले? २००९ मध्ये सर्वोच्च न्यायालयापुढे आलेल्या एका खटल्यातली स्त्री लग्नानंतर तीन महिन्यांत विधवा झाली होती, सासरने तिला घराबाहेर काढले होते, माहेरने तिला शिकवले आणि नोकरी करून तिने पुंजी जमवली. तिच्या मृत्यूनंतर ती पुंजी सासरच्या नातेवाइकांना मिळाली, कारण कलम तसे आहे. यावर बाईच्या हाती आज एकच उपाय आहे आणि तो साधा आहे : मृत्युपत्र. त्याला मुद्रांक शुल्क नाही, नोंदणीची सक्ती नाही. साध्या कागदावर लिहिता येते, दोन साक्षीदारांसमोर सही करावी लागते आणि त्यांनीही सही करावी लागते. ज्यांना मालमत्ता द्यायची त्यांना साक्षीदार करू नये.

हे सारे हिंदू, बौद्ध, जैन आणि शीख यांच्याबाबत झाले. ख्रिस्ती कुटुंबांत भारतीय उत्तराधिकार कायदा, १९२५ यानुसार मुलगा-मुलगी समान आहेत. मुस्लिम कायद्यात मुलीचा हिस्सा ठरलेला आहे, पण तो भावाच्या निम्मा. आणि ठाणे जिल्ह्यात राहणाऱ्या माणसाने विसरू नये अशी गोष्ट म्हणजे, वारली, कातकरी, ठाकूर अशा अनुसूचित जमातींना १९५६ चा कायदा कलम २(२) मुळे लागूच होत नाही. तिथे रूढी चालते. मुरबाड-शहापूरकडच्या आदिवासी मुलीला शहरातल्या मैत्रिणीचा हा चार आण्यांचा हक्क कायद्याने आपोआप मिळत नाही.

२०२० च्या निकालाची बातमी वाचली तेव्हा टाळेबंदी चालू होती. थोडे खुले झाल्यावर मी आत्याकडे गेले, जाताना २००६ च्या दस्ताची प्रत घेऊन गेले. वडिलांना सांगून गेले; ते बराच वेळ गप्प होते, मग म्हणाले, "मला कुणी सांगितलंच नव्हतं." आत्याने तो कागद माझ्याकडून वाचून घेतला. 'कोणताही मोबदला न घेता' या शब्दांपाशी तिने मला थांबवले, पुन्हा वाचायला लावले आणि विचारले, किती झाले असते गं? मी चार बोटे दाखवली. ती काही बोलली नाही. खटला करायचा नाही, एवढे मात्र तिने लगेच सांगितले, आणि मी आग्रह केला नाही.

त्याच हिवाळ्यात तिने मृत्युपत्र केले. तिच्या नवऱ्यामागे तिच्या नावावर दोन खोल्या आहेत, त्या मुलगा आणि मुलगी यांना निम्म्या-निम्म्या. मसुदा मी टाइप करून नेला होता, साक्षीदार म्हणून भजनी मंडळातल्या दोघी आल्या होत्या. मी सहीची जागा बोटाने दाखवली, तर आत्या म्हणाली, थांब. चष्मा लावून ती पहिल्या ओळीपासून मोठ्याने वाचू लागली, अडखळत, एकेक शब्द सुटा करीत. तिन्ही पाने वाचून व्हायला पाऊण तास लागला. एका ठिकाणी मुलीच्या नावात वेलांटी चुकली होती ती तिने दुरुस्त करून घेतली. मग सही केली.